उशिरा दाखल झालेला आवाज

“ताई, अजून एक कागद सापडला.”

जळगावात वकिली करताना हे वाक्य मी किती पक्षकारांच्या तोंडून ऐकलं, त्याची गणती नाही. पूर्वी ते ऐकलं की मी नुसता हात पुढे करायचे. शेवटच्या काही वर्षांत मात्र ते ऐकलं की मी आधी विचारायचे, कधी सापडला, दावा लावायच्या आधी की नंतर?

पूर्वीचा दिवाणी दावा म्हणजे आमच्याकडचं लग्न. अक्षता पडून गेल्या तरी पाहुणे येतच राहायचे आणि उपाशी कुणी परत जायचं नाही. नशिराबादचे एक डाळीचे व्यापारी तर अखेरचा युक्तिवाद सुरू असताना गोणी खांद्यावर घेऊन कोर्टात आले होते. न्यायाधीशांनी विचारलं, “यात डाळ आहे की पुरावा?” व्यापारी म्हणाले, “साहेब, दोन्ही असेल, निवडून घ्या.” कोर्ट हसलं, थोडा दंड बसला आणि गोणी आत गेली.

व्यापारी दाव्यांसाठी वेगळा कायदा आला आणि ती पंगत उठली. आता दावा लावतानाच आपल्याकडचे सगळे कागद जोडायचे, आपल्याला अडचणीचे असले तरी. वर शपथेवर लिहून द्यायचं की, याखेरीज माझ्या ताब्यात काही नाही. उत्तर देणाऱ्यालाही हाच नियम. नंतर काही आणायचं तर कोर्टाची परवानगी लागते आणि ती मिळवायला उशिराचं सबळ कारण लागतं. ‘विसरलो’ आणि ‘कपाटामागे पडला होता’ ही कारणं सबळ धरली जात नाहीत. बाहेरच्या माणसाला हे तांत्रिक वाटेल. पण खरा कागद केवळ उशिरा आला म्हणून दाराबाहेर उभा राहिलेला मी पाहिला आहे, आणि त्याच्याबरोबर बाहेर उभा राहिलेला माणूसही.

मी सांगणार आहे ती विमलअक्कांच्या दाव्याची हकिगत. अक्का धुळे जिल्ह्यातल्या नरडाण्याच्या औद्योगिक वसाहतीत जिनिंग चालवायच्या, म्हणजे कपाशीतून सरकी वेगळी काढून रुईच्या गाठी बांधण्याचा कारखाना. नवरा गेल्यावर भावकीने ‘विकून टाका’ म्हणून बराच धोशा लावला, पण बाई हटली नाही. ट्रॅक्टरवरच्या कपाशीत कोपरापर्यंत हात घालून ओल सांगायची. बोलणं घरात आणि कारखान्यात अहिराणीच.

एका हंगामात, ऐन भरात, कारखान्याला आग लागली. कपाशीची आग धावते. नळ्यांतून, पंख्यांतून ती या टोकाची त्या टोकाला जाते. जिनिंगचा मुख्य हॉल पत्र्यांसकट खाली आला. त्यात सुकलाल नावाचा मजूर गेला. शिरपूरच्या वर, सातपुड्याच्या पायथ्याच्या एका पाड्यावरचा पावरा आदिवासी. मजूर पुरवणारा मुकादम दर हंगामाला त्याच्यासोबत पाड्यावरची बरीच माणसं आणायचा. कारखान्याचा इलेक्ट्रिशियन प्रवीण वाचला, पण दोन्ही हात भाजले. तो दाराशी बेशुद्ध सापडला. “मला काही आठवत नाही,” असं त्याने पोलिसांना सांगितलं, अक्कांना सांगितलं आणि मलाही.

त्याच वर्षी अक्कांनी सगळ्या मोटारींचं नवीन कंट्रोल पॅनेल बसवलं होतं. आग त्या पॅनेलकडून सुरू झाली, असं कारखान्यातले सगळेच म्हणत होते. मोटार जास्त तापली की वीज आपोआप तोडणारा एक छोटा भाग पॅनेलमध्ये असतो, त्याला रिले म्हणतात. तो काम करत नसेल तर मोटार तापत जाते आणि पुढे कपाशी असतेच. अक्कांनी पॅनेल पुरवणाऱ्या कंपनीवर धुळ्याच्या व्यापारी न्यायालयात दावा लावायचं ठरवलं आणि माझ्याकडे आल्या.

मी नेहमीप्रमाणे सगळ्यांना बसवून खोदून विचारलं. प्रवीण अक्कांच्या मागे उभा होता. दोन्ही हातांना पट्ट्या.

“पॅनेल उघडलं होतं का कुणी? काही बदललं?”

“नही ताई,” तो म्हणाला. “सील तसंच व्हतं.”

दाव्यात मी लिहिलं की, पॅनेलला वादीच्या कोणत्याही माणसाने हात लावलेला नाही. अक्कांनी शपथेवर सही केली.

कंपनीचं उत्तर आलं ते जाडजूड होतं. पॅनेल उत्तम होतं. कारखान्याच्या माणसांनी त्यात ढवळाढवळ केली असावी. आणि मुख्य म्हणजे आग सुकलालने बिडी ओढल्यामुळे लागली. पुरावा काय, तर त्याचा मृतदेह हॉलच्या आत, पॅनेलपासून जवळच सापडला. त्याचं कपाशीच्या गंजीवरचं काम बाहेर अंगणात होतं. मग तो आत कशाला गेला? आडोशाला बिडी ओढायला.

मेलेला माणूस उलट उत्तर देत नाही. वकिलाला असा माणूस फार सोयीचा असतो.

पुढच्या तारखेला मी धुळ्याला पोहोचले तेव्हा कोर्टाच्या व्हरांड्यात एक बाई भिंतीला टेकून बसली होती. अक्का आणि प्रवीण तिच्याशेजारी उभे होते. अक्का म्हणाल्या, “ताई, ही जमनाबाई. सुकलालनी बायको.”

जमनाबाई उठली आणि तिने मला सरळ विचारलं, “बाई, माझ्या माणसावर केस आहे का?”

“नाही. केस कंपनीवर आहे.”

“मग तिकडं सगळे का सांगतात, कोर्टात लिहिलं आहे म्हणून? मुकादम आला नाही या साली. म्हणतो, तुमच्या पाड्याची माणसं बिड्या ओढतात, कारखाना जाळतात. दुसऱ्या पाड्यावरून माणसं घेऊन गेला. माझा माणूस बिडी पीत नव्हता. त्याला दमा होता.”

मी तिला समजावून सांगितलं की ते कंपनीचं म्हणणं आहे, कोर्टाने अजून काही ठरवलेलं नाही. ती ऐकत होती, पण तिला माझं सांगणं पुरेसं वाटत नव्हतं. मलाही वाटत नव्हतं. बोलता बोलता माझी नजर प्रवीणकडे गेली. तो भिंतीकडे तोंड करून उभा होता आणि भाजून आखडलेली बोटं दुसऱ्या हाताने चोळत होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी तो एकटाच जळगावला माझ्या ऑफिसात आला. बसला नाही. खिशातून काच तडकलेला जुना फोन काढून टेबलावर ठेवला.

“ताई, मी तुमना संगे खोटं बोलनू. रिले मीच काढेल व्हता.”

मी दार लावून घेतलं.

हकिगत अशी होती. नवीन पॅनेल सारखं बंद पडत होतं. दर थोड्या वेळाने रिले वीज तोडायचा, कपाशीच्या गाड्यांची रांग अंगणात उभी, अक्कांचा जीव खाली-वर. प्रवीणने कंपनीच्या इंजिनिअरला फोन केला. इंजिनिअरने व्हॉट्सअ‍ॅपवर आवाजी निरोप पाठवला. प्रवीणने तो मला ऐकवला. मागे कुठेतरी गाड्यांचे हॉर्न, आणि एक घाईतला, समजूत घालणारा आवाज: “प्रवीणभाऊ, तो रिले काढा आणि डायरेक्ट जोडून चालवा. सीझनमध्ये मशीन बंद ठेवू नका. नवीन पार्ट मी पाठवतो. काही होत नाही.”

पार्ट आला नाही. त्याआधी आग आली.

“हे आधी का नाही सांगितलंस?”

“दवाखानामा शुद्धवर उनू, तव्हय पोलीस बठेल व्हतात. माले वाटनं, जेलमा टाकतीन. मंग एकदा खोटं बोलनू ते बोलतच गयू.” त्याने फोन माझ्याकडे सरकवला. “पन आते त्या बाईनं तोंड पाहीसनी ऱ्हावत नही.”

मी खुर्चीत मागे टेकून बसले. वकील म्हणून पहिला विचार आला तो त्याच्या यातनांचा नव्हता, आमच्या दाव्याचा होता. तो निरोप म्हणजे कंपनीचा गळा पकडणारा पुरावा होता. पण तोच निरोप दाखल केला तर आमची शपथ खोटी पडत होती. कुणी हात लावला नाही, असं आम्ही लिहिलं होतं. हात लावला होता, आणि आमच्याच माणसाने. शिवाय उशीर. दावा लावला त्या दिवशी हा फोन आमच्या नोकराच्या घरात धान्याच्या कोठीत पडून होता. ‘तुमच्याच ताब्यात होता, मग का जोडला नाही?’ या प्रश्नाला आमच्याकडे एकच उत्तर होतं: आमच्या माणसाने आमच्यापासून लपवला.

मी अक्कांना बोलावून घेतलं. त्या आल्या, निरोप ऐकला, पुन्हा ऐकला. मग प्रवीणकडे पाहिलं.

“आते सांगस तू? तव्हय कसाले सांगं नही रे?”

अक्का माझ्याकडे वळल्या.

“वकीलताई, हाऊ फोन तापीमा फेकी दिधा ते काय व्हई?”

“तर दावा आहे तसा चालेल. कदाचित जिंकालही. पण मी चालवणार नाही. मला आता माहीत आहे की ते वाक्य खोटं आहे.”

“आनि दाखल करा ते?”

“कोर्ट घेईलच असं नाही. नाही घेतलं, तर आपण खोटं बोललो हे मात्र कंपनीला कळलेलं असेल. दावा बुडू शकतो.”

अक्का पदराचं टोक बोटाला गुंडाळत बसल्या. त्यांनी जन्म घालवला होता त्या कारखान्यात. त्यांच्या जागी मी असते तर तापी जवळ वाटली असती, हे मी नाकारत नाही. शेवटी त्या म्हणाल्या, “सुकलालना बाप हरसाल माले भेटाले येस. त्यानी इचारं, मना पोऱ्यानी आग लायी का, ते मी काय सांगू?” आणि उठल्या. “करा दाखल. बठ्ठं लिखा.”

मी सगळं लिहिलं. परवानगीचा अर्ज, दाव्यातलं ते वाक्य दुरुस्त करण्याचा अर्ज, अक्कांचं आणि प्रवीणचं प्रतिज्ञापत्र, फोनचा आवाज खरा असल्याबद्दलचा दाखला. फोन पाकिटात बंद करून मोहोर लावली. सहकारी वकिलांना विचारलं तर एकाने सरळ सांगितलं, “ताई, हा अर्ज नाही, ही कबुली आहे.”

सुनावणीच्या दिवशी आमच्याआधी दुसऱ्या दाव्यात असाच उशिराचा अर्ज होता. एका गृहस्थांना पावत्या दाखल करायच्या होत्या. आजारपणाचं कारण दिलं होतं. न्यायाधीश शांत, हळू बोलणारे. त्यांनी दोन प्रश्न विचारले आणि अर्ज फेटाळला. गृहस्थ पावत्यांची पिशवी छातीशी धरून माझ्या शेजारून बाहेर गेले. मागच्या बाकावर अक्का, प्रवीण आणि जमनाबाई होत्या. मी मागे वळून पाहिलं नाही.

कंपनीचे वकील पुण्याहून यायचे. हुशार, नेमकं बोलणारे. त्यांनी आम्हाला फाडून काढलं, आणि त्यांच्या बाजूने पाहिलं तर योग्यच केलं. “साहेब, यांनी शपथेवर सांगितलं, हात लावला नाही. आता शपथेवर सांगतात, लावला. कोणती शपथ खरी धरायची? नोकराचा फोन म्हणजे मालकाचाच ताबा. आमचं उत्तर वाचल्यावर यांना पुरावा सुचला. कायदा याच सवयीला आळा घालण्यासाठी आला आहे.”

न्यायाधीशांनी माझ्याकडे पाहिलं. “बाई, सबळ कारण काय?”

मी म्हटलं, “कारण भीती आहे, साहेब. एका भाजलेल्या माणसाची. ते सबळ आहे की नाही हे कोर्टाने ठरवावं, मी त्याला दुसरं नाव देणार नाही. पण जिंकण्यासाठी पुरावा रचणारा माणूस स्वतःलाच अडकवणारा पुरावा आणत नाही. आणि माझा एक प्रश्न आहे. हा निरोप ज्यांनी पाठवला, त्यांच्याकडेही तो असणार. सगळे कागद दिल्याची शपथ त्यांनीही घेतली आहे.”

न्यायाधीशांनी काही लिहिलं. मग पुण्याच्या वकिलांना विचारलं, “हा आवाज तुमच्या इंजिनिअरचा आहे, हे मान्य की अमान्य?”

“साहेब, ते गृहस्थ आता कंपनीत नाहीत.”

“मी ते कुठे आहेत हे विचारलं नाही. पॅनेलबद्दल तक्रार आली होती का? तिची नोंद कंपनीकडे आहे का?”

वकिलांनी मागे बसलेल्या कंपनीच्या अधिकाऱ्याकडे पाहिलं. अधिकारी फाइल चाळू लागला.

“माहिती घेऊन सांगतो,” वकील म्हणाले.

“लिहून सांगा. शपथेवर.”

निकाल पुढच्या तारखेवर गेला. मधले दिवस अक्का रोज सकाळी फोन करायच्या, “काही कळनं का?” आणि काही कळणार नाही हे माहीत असून मी रोज तेच उत्तर द्यायचे. पुढच्या तारखेला कंपनीने तक्रारीची नोंद होती असं मान्य केलं; ‘नजरचुकीने’ जोडायची राहिली होती. न्यायाधीशांनी आमचा अर्ज दंड लावून मंजूर केला. आदेशात अक्कांच्या शपथेवर दोन बोचरी वाक्यं होती. ती आम्ही कमावलेलीच होती.

परवानगी म्हणजे विजय नव्हे. आता प्रवीणला साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभं राहायचं होतं.

पुण्याच्या वकिलांनी त्याला सबंध सकाळ उभं केलं. पोलिसांना खोटं बोललात? बोललो. मालकिणीला? बोललो. वकीलबाईंना? बोललो. मग आज कोर्टाशी खरं बोलता यावर का विश्वास ठेवायचा? प्रवीण खाली पाहून उभा. मला वाटलं, माणूस कोसळणार. आणि मग वकिलांनी आमच्या धंद्यातली जुनी चूक केली. सगळं मिळालेलं असताना अजून एक प्रश्न विचारला.

“तुम्हाला तर काहीच आठवत नाही. मग आग लागली तेव्हा सुकलाल आत बिडी ओढत नव्हताच, असं तुम्ही तरी कसं सांगणार?”

प्रवीणने मान वर केली.

“तो बाहेर व्हता, साहेब. बाहेर व्हता म्हनीसनीच ते माले काढाले मझार उना.”

न्यायाधीशांनी लेखणी थांबवली. “नीट सांगा.”

प्रवीण मग शुद्ध मराठीत, एकेक शब्द जोडत बोलला. पॅनेल पेटलं तेव्हा तो वीज तोडायला धावला आणि हात चिकटल्यासारखे झाले. धूर भरला. तो खाली पडला. अंगणाच्या दारातून सुकलाल आत आला, त्याला काखेत धरून दारापर्यंत ओढत नेलं आणि बाहेर ढकललं. मग वरचा पत्रा आला. “मला सगळं आठवतं, साहेब. पहिल्यापासून आठवतं.”

हे त्याने मलाही सांगितलं नव्हतं. रिलेचं सांगू शकला, हे नाही. त्यामागचं कारण मला आज कळतं. पहिल्यात त्याचा गुन्हा होता. दुसऱ्यात एका माणसाचा जीव होता आणि तो जीव ज्याच्यासाठी गेला, त्या प्रवीणनेच सुकलालवर आळ येऊ दिला होता.

मी मागच्या बाकाकडे वळून पाहिलं. जमनाबाई ताठ बसली होती आणि अक्कांनी तिचा हात घट्ट धरला होता. पुण्याच्या वकिलांनी कागद गोळा केले. “आणखी प्रश्न नाहीत.”

निकालात कोर्टाने मुख्य दोष कंपनीचा ठरवला. रिले काढून कारखाना चालवला म्हणून काही वाटा आमच्यावरही टाकला. दावा अर्धामुर्धा मंजूर झाला. वरच्या कोर्टात तो अजून पडून आहे. अक्कांनी जिनिंग पुन्हा उभं केलं, पूर्वीच्या निम्म्या आकाराचं. सुकलालबद्दल निकालपत्रात एक छोटा परिच्छेद आहे: बिडीचा कोणताही पुरावा नाही, तो सहकाऱ्याला वाचवण्यासाठी आत गेला. दाव्यात तो ना वादी होता ना प्रतिवादी, त्यामुळे कोर्ट याहून जास्त लिहिणार नव्हतं. मला मात्र तो परिच्छेद फार तोकडा वाटला आणि अजून वाटतो.

अक्कांनाही तो तोकडाच वाटला असावा. निकालानंतर त्या म्हणाल्या, “कोर्टमा सांगं, ते धुळामा सांगं. पाडावर कोन सांगी?” आणि प्रवीणला गाडीत बसवून त्या थेट सातपुड्याच्या पायथ्याला निघाल्या. मलाही सोबत घेतलं, म्हणाल्या, वकील पाहिजे.

वकिलाची काही गरज पडली नाही. पाड्यावर मोहाच्या झाडाखाली माणसं जमली. मुकादमालाही अक्कांनी आधीच निरोप धाडून बोलावून घेतलं होतं. प्रवीण उभा राहिला आणि कोर्टात सांगितलं तेच त्याने पुन्हा सांगितलं. इथे त्याला कुणी अडवलं नाही. बोलून झाल्यावर तो तसाच उभा राहिला, शिक्षेची वाट पाहिल्यासारखा.

सुकलालचा म्हातारा बाप खाटेवर बसला होता. तो त्यांच्या बोलीत हळूच काहीतरी बोलला. जमनाबाईने ते आम्हाला मराठीत सांगितलं.

“सासरा विचारतो, आत आला तेव्हा तो काय बोलला?”

दाव्यात एवढे अर्ज झाले, एवढ्या उलटतपासण्या झाल्या. हा प्रश्न कुणी विचारला नव्हता. मीही नाही.

प्रवीणने म्हाताऱ्याकडे पाहिलं.

“‘ऊठ,’ म्हणाला. ‘ऊठ प्रवीणभाऊ, घरी जायचं.’”

जमनाबाईने ते सासऱ्याला सांगितलं. म्हाताऱ्याने मान हलवली, खाटेवर थोडा सरकला आणि शेजारी जागा करून प्रवीणला बसायची खूण केली.